गेलेल्या मिळकतीचा हिशेब

(नभोवाणीवरील भाषण)

मनुष्याच्या प्राणाची किंमत करतां येत नाहीं, हें वाक्य प्रत्येकानें ऐकलेलें आहे आणि तें खरेंहि आहे. पण ज्या घरांतलें कर्तें माणूस सकाळीं कामावर म्हणून बाहेर पडतें आणि रस्त्यावरच्या अपघातामुळें संध्याकाळीं परत येत नाहीं, त्या घरांत पुढल्या महिन्याच्या एक तारखेला वाण्याचें बिल, घरभाडें आणि मुलांची फी हीं नेहमीप्रमाणें दारांत उभीं राहतात. दुःखाला दर नसतो. या तीन गोष्टींना असतो. अपघातांत गेलेल्या माणसाच्या कुटुंबाला कायदा जी भरपाई देवितो, ती प्राणाचें मोल नव्हे. त्या प्राणाबरोबर जी मिळकत बंद पडली, तिची ती भरपाई होय. हा हिशेब कसा मांडतात, त्यांत कोणते आकडे घेतात आणि कोणते घेत नाहींत, हें सुशिक्षित घरांतूनहि थोड्यांनाच ठाऊक असतें. २०२२ या एका वर्षांत भारतांतील रस्त्यांवर १,६८,४९१ माणसें मृत्यु पावलीं, असें केंद्र सरकारच्या अहवालांत नमूद आहे. म्हणजे सरासरीनें दररोज साडेचारशांहून अधिक. तेव्हां हा हिशेब परक्याच्या घरचा म्हणून सोडून देण्याजोगा नाहीं.

या बाबतींतली जुनी इंग्रजी रीत आजच्या माणसाला चमत्कारिक वाटेल. १८०८ सालीं इंग्लंडांत प्रवाशांची एक घोडागाडी उलटून एका गृहस्थाची पत्नी जखमी झाली व सुमारें महिन्यानें वारली. लॉर्ड एलनबरो यांनीं असा निर्णय दिला कीं, मनुष्याचा मृत्यु ही दिवाणी न्यायालयांत नुकसानीची बाब म्हणून मांडतां येत नाहीं. पत्नी जिवंत होती तेवढ्याच काळापुरती पतीला भरपाई मिळेल. याचा परिणाम असा कीं, दुसऱ्याचा पाय मोडणाऱ्याला पैसे भरावे लागत आणि जीव घेणारा मोकळा राही. आगगाड्या सुरू झाल्यावर हा अन्याय सर्वांच्या डोळ्यांत भरूं लागला. १८४६ सालीं लॉर्ड कॅम्पबेल यांच्या नांवानें ओळखला जाणारा कायदा झाला आणि मृताच्या कुटुंबाला दाव्याचा हक्क मिळाला. त्याच धर्तीवर हिंदुस्थानांत १८५५ चा तेरावा कायदा आला. पुढें मोटारींचें युग सुरू झालें. १९३९ चा मोटार वाहन कायदा, १ जुलै १९४६ पासून तिऱ्हाइताच्या नुकसानीसाठीं सक्तीचा विमा, १९५६ च्या दुरुस्तीनें या दाव्यांसाठीं खास न्यायाधिकरणें आणि १ जुलै १९८९ पासून अमलांत आलेला १९८८ चा नवा कायदा, अशी ही वाटचाल आहे. आजच्या कायद्याच्या १६८ व्या कलमांत न्यायाधिकरणानें ‘न्याय्य’ भरपाई द्यावी असें म्हटलें आहे. न्याय्य म्हणजे किती, तें मात्र कलम सांगत नाहीं. त्याचा शोध न्यायालयांना घ्यावा लागला.

हा शोध कित्येक वर्षें चांचपडत चालला होता. एकाच वयाच्या व एकाच पगाराच्या दोन माणसांच्या कुटुंबांना दोन गांवच्या न्यायाधिकरणांत अगदीं निराळ्या रकमा मिळत. पुढें केरळच्या परिवहन महामंडळाच्या एका खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें गुणकाची पद्धति हीच शास्त्रशुद्ध पद्धति होय असें सांगितलें. तरी गुणक कोणता घ्यावा यावर मतभेद उरलेच. शेवटीं १५ एप्रिल २००९ रोजीं दिल्ली परिवहन महामंडळाविरुद्धच्या खटल्यांत न्यायालयानें सर्व धागे एकत्र केले आणि वयाप्रमाणें गुणकांचें एक कोष्टकच घालून दिलें. ३१ ऑक्टोबर २०१७ रोजीं पांच न्यायाधीशांच्या घटनापीठानें त्यावर शिक्कामोर्तब केलें व कांहीं उणिवा भरून काढल्या. आज देशभर हिशेब होतो तो या दोन निकालांच्या आधारें.

या पद्धतींत चार पायऱ्या आहेत. पहिली पायरी उत्पन्नाची: मृत्यूच्या वेळीं त्या माणसाची मिळकत किती होती, तें ठरवावयाचें. पगारदाराच्या बाबतींत पगारांतून प्राप्तीवरील कर वजा करून उरेल ती. दुसरी पायरी भविष्यकाळाची: माणूस जगता तर त्याची मिळकत आहे तेथेंच थांबली नसती, म्हणून तींत कांहीं टक्के वाढ धरावयाची. कायम नोकरी असून वय चाळिसांच्या आंत असेल तर पन्नास टक्के, चाळीस ते पन्नासांत तीस टक्के आणि पन्नास ते साठांत पंधरा टक्के. ज्यांचा स्वतःचा धंदा आहे किंवा ज्यांना ठराविक वेतन मिळतें, त्यांच्यासाठीं हेच आंकडे अनुक्रमें चाळीस, पंचवीस आणि दहा टक्के आहेत. २०१७ च्या निकालाचें मोठें पुण्य हें कीं, दुकानदार, रिक्षावाला, सुतार यांच्याहि भविष्याला त्यानें निश्चित आंकडा दिला.

तिसरी पायरी वजाबाकीची. कमावणारा माणूस स्वतःसाठींहि खर्च करतोच. तेवढा भाग कुटुंबाच्या हातीं कधींच पडला नसता. विवाहित माणसावर दोन-तीन जण अवलंबून असतील तर एकतृतीयांश, चार ते सहा असतील तर एकचतुर्थांश आणि सहांहून अधिक असतील तर एकपंचमांश वजा करतात. अविवाहिताच्या बाबतींत साधारणपणें निम्मी रक्कम वजा होते. पण त्याच्याच कमाईवर मोठें कुटुंब पोसलें जात असेल तर एकतृतीयांश. उरते ती रक्कम म्हणजे कुटुंबाचें वर्षाचें नुकसान. चौथी पायरी गुणाकाराची. मृत व्यक्तीचें वय पंधरा ते पंचवीस असेल तर गुणक १८, सव्वीस ते तीसला १७, एकतीस ते पस्तीसला १६, छत्तीस ते चाळीसला १५, एकेचाळीस ते पंचेचाळीसला १४ आणि शेचाळीस ते पन्नासला १३. त्यापुढें उतार अधिक जलद आहे: पंचावन्नपर्यंत ११, साठपर्यंत ९, पासष्टपर्यंत ७ आणि त्याहून पुढें ५. मृत माणूस अविवाहित असला तरी वय धरावयाचें तें त्याचेंच, आईबापांचें नव्हे.

आतां २००९ च्या त्या खटल्याचेंच गणित पाहावें. मृत गृहस्थ अडतीस वर्षांचे असून कायम नोकरींत होते आणि त्यांचा मासिक पगार ४,००४ रुपये होता. पन्नास टक्के वाढ धरतां ६,००६ झाले, वर्षाचे ७२,०७२. त्यांच्यावर अवलंबून असणारे पत्नी, मुलें, आईवडील व आजोबा धरून सात जण होते. म्हणून वजाबाकी एकपंचमांशाची. उरले सुमारें ५७,६५८. अडतिसाव्या वर्षाला गुणक पंधरा. गुणाकार ८,६४,८७० रुपये. त्यांत अंत्यविधि वगैरेंची लहानशी रक्कम मिळवून एकूण भरपाई ८,८४,८७० रुपये ठरली. दावा चालू असतांना पुढें सरकारी पगार बरेच वाढले होते व ते हिशेबांत धरावे अशी कुटुंबाची मागणी होती. ती मान्य झाली नाहीं. मृत्यूच्या दिवशींचा पगार हाच पाया, आणि पुढील सर्व वाढ त्या पन्नास टक्क्यांतच आली, असें न्यायालयानें मानलें.

येथें चौकस श्रोत्याच्या मनांत एक शंका येईल. अडतीस वर्षांचा माणूस साठीपर्यंत बावीस वर्षें कमावता. मग गुणक बावीस कां नाहीं? याचें उत्तर शाळेंतल्या चक्रवाढव्याजाच्या धड्यांत आहे. बावीस वर्षांत थोडी थोडी करून यावयाची रक्कम कुटुंबाला आज एकदम मिळते आणि तिच्यावर आजपासून व्याज सुरू होतें. वर्षाचें नुकसान एक लाख रुपये असून बावीस पट म्हणजे बावीस लाख हातीं आले व ते सहा टक्क्यांनीं ठेवले, तर नुसतें व्याजच वर्षाला १,३२,००० येईल. म्हणजे नुकसानीपेक्षां प्राप्ति अधिक, आणि मुद्दल बावीस वर्षांनंतरहि जसेंच्या तसें. भरपाईचें ध्येय हें नव्हे. दरसाल व्याज आणि मुद्दलाचा थोडा भाग काढीत जावें आणि अवलंबनाची वर्षें संपतांना ठेवहि संपावी, अशी रक्कम हवी. तीस वर्षें दरसाल एक रुपया मिळावा यासाठीं चार टक्के दरानें आज किती ठेवावें लागेल, असें गणित मांडलें तर उत्तर १७ रुपये २९ पैसे येतें. आणि तीस वर्षांच्या माणसाचा गुणक सतरा आहे. बावीस वर्षांसाठीं हेंच उत्तर १४ रुपये ४५ पैसे येतें. कोष्टकांत पंधरा आहे. कोष्टक असें व्याजाच्या गणिताला धरून चालतें. उतारवयाला मात्र तें गणितापेक्षां सढळ आहे. साठीनंतर मिळकत थांबलीच असें तें समजत नाहीं, आणि तें व्यवहाराला धरूनच आहे.

या पद्धतींत वयाला किती महत्त्व आहे तें एका कल्पित उदाहरणावरून कळेल. कर वजा जातां चाळीस हजार रुपये मासिक पगार असलेला, पत्नी, दोन मुलें व आई यांना पोसणारा एक कायम नोकरदार अडतिसाव्या वर्षीं वारला. वाढीसह पगार साठ हजार, वर्षाचे ७,२०,०००. एकचतुर्थांश वजा जातां ५,४०,०००. पंधरानें गुणून ८१,००,०००. तोच माणूस एकेचाळिसाव्या वर्षीं गेला असें समजा. आतां वाढ तीसच टक्के आणि गुणक चौदा. वर्षाचे ६,२४,०००; वजा जातां ४,६८,०००; गुणाकार ६५,५२,०००. तीन वर्षांच्या अंतरानें पंधरा लाख अठ्ठेचाळीस हजारांचा फरक पडला. म्हणून जन्मतारखेचा पुरावा ही क्षुल्लक गोष्ट नव्हे. २०२४ च्या ऑक्टोबरांत सर्वोच्च न्यायालयापुढें असाच वाद आला होता. शाळा सोडल्याच्या दाखल्याप्रमाणें मृताचें वय पंचेचाळीस, तर आधारपत्राप्रमाणें सत्तेचाळीस निघत होतें. म्हणजे गुणक चौदा कीं तेरा, हा प्रश्न होता. आधारपत्र हा ओळखीचा पुरावा आहे, जन्मतारखेचा नव्हे, असें सांगून न्यायालयानें शाळेचा दाखला ग्राह्य धरला. जुन्या ट्रंकेच्या तळाशीं पडलेल्या त्या पिवळ्या कागदाला घरोघर जपलें पाहिजे, तें यासाठींच.

उत्पन्नाचा पुरावा हा त्याहून कठीण प्रश्न आहे. नोकरदाराला पगारपत्रक असतें. भाजी विकणाऱ्याला, गवंड्याला, शिवणकाम करणाऱ्या बाईला काय असणार? अशा वेळीं न्यायाधिकरणें बहुधा सरकारनें ठरविलेल्या किमान वेतनाचा आधार घेतात. परंतु प्रत्यक्ष कमाई त्याहून अधिक असूनहि ती कागदावर नसल्यामुळें कुटुंब गरीब ठरतें, असें पुष्कळदां घडतें. बँकेच्या खात्यांतली नोंद, कराचें विवरणपत्र, ग्राहकांच्या पावत्या, फार काय, नीट ठेवलेली जमाखर्चाची वहीसुद्धां त्या वेळीं कुटुंबाची साक्ष देते.

पण ज्या माणसाला कोणी पगारच देत नाहीं, त्याचें काय? घर सांभाळणाऱ्या स्त्रीचा हा प्रश्न आहे, आणि कायद्याची खरी परीक्षा येथेंच होते. १९९४ सालीं कायद्याला जोडलेल्या परिशिष्टांत मिळकत नसलेल्या पत्नीचें उत्पन्न पतीच्या उत्पन्नाच्या एकतृतीयांश धरावें असा नियम होता. म्हणजे बाईच्या कामाची किंमत नवऱ्याच्या पगारावर अवलंबून! तें परिशिष्ट आतां कायद्यांत उरलेलें नाहीं. १९८९ सालीं जमशेदपूर येथें एका समारंभांत लागलेल्या आगीच्या प्रकरणीं २००१ सालीं निकाल देतांना सर्वोच्च न्यायालयानें गृहिणीच्या कामाचें मूल्य महिना तीन हजार रुपये धरलें. ५ जानेवारी २०२१ च्या निकालांत न्यायमूर्ति रमणा यांनीं या प्रश्नाचा स्वतंत्र ऊहापोह केला. २०१९ च्या सरकारी पाहणीचा त्यांनीं आधार घेतला. त्या पाहणीप्रमाणें घरच्या बिनपगारी कामांत स्त्रिया दिवसाला सरासरी २९९ मिनिटें घालवितात आणि पुरुष ९७ मिनिटें. स्वयंपाक, पाणी भरणें, मुलांचा अभ्यास, म्हाताऱ्यांची शुश्रूषा हीं कामें बाहेरून करवून घेतल्यास पैसे पडतात. मग तीं करणारी बाई मिळवीत नाहीं असें कसें म्हणावें? असें मानीव उत्पन्न धरतांनाहि भविष्यांतील वाढ धरावी, असें त्या निकालांत ठरलें. न्याय आणि अंकगणित यांची गांठ येथें पडली, ही समाधानाची गोष्ट आहे.

आणखी एक शंका अशी कीं, मृताचा आयुर्विमा होता, भविष्यनिर्वाह निधीहि मिळाला. मग तेवढी रक्कम भरपाईंतून कापावी काय? महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळाविरुद्धच्या एका खटल्यांत १९९८ सालीं सर्वोच्च न्यायालयानें याचें उत्तर नकारार्थी दिलें. विम्याचे हप्ते मृतानें आपल्या पैशांतून भरलेले असतात आणि ती रक्कम केव्हां तरी मिळणारच होती. माणसाच्या दूरदृष्टीचा फायदा ज्याच्या हातून अपघात झाला त्यानें घ्यावा, हें न्यायाला धरून नाहीं. कुटुंबाला मिळणाऱ्या निवृत्तिवेतनासहि हाच न्याय लागतो.

मिळकतीशिवाय कांहीं ठराविक रकमाहि असतात. २०१७ च्या निकालानें पतिपत्नींच्या ताटातुटीबद्दल चाळीस हजार आणि अंत्यविधि व मालमत्तेची हानि यांसाठीं प्रत्येकीं पंधरा हजार ठरविले, व दर तीन वर्षांनीं त्यांत दहा टक्के वाढ करण्यास सांगितलें. सहवासाच्या हानीची रक्कम मुलांना आणि आईवडिलांनाहि मिळावी, असें २०१८ सालीं ठरलें. या रकमा धनिकाला आणि मजुराला सारख्याच आहेत. एरव्हीं या पद्धतींत श्रीमंताच्या कुटुंबाला अधिक व गरिबाच्या कुटुंबाला कमी मिळतें, हा आक्षेप खोटा नाहीं. कायदा माणसाची योग्यता मोजीत नाहीं, कुटुंबाची हानि मोजतो, हें त्याचें उत्तर. तें तर्काला पटतें, पण मनाला पुरतें पटतेंच असें नाहीं.

व्यवहाराच्या चार गोष्टी प्रत्येक घरांत ठाऊक असाव्या. दावा जेथें अपघात झाला, जेथें दावेदार राहतात किंवा जेथें प्रतिवादी राहतो, त्यांपैकीं कोठल्याहि मोटार अपघात दावा न्यायाधिकरणांत करतां येतो. २०१९ च्या दुरुस्तीनें १ एप्रिल २०२२ पासून अर्जाला सहा महिन्यांची मुदत घातली आहे. तिच्याविषयींचा वाद न्यायालयांत गेलेला असला तरी शहाण्यानें त्या वादावर विसंबूं नये. मागितली त्याहून अधिक रक्कम न्याय्य दिसल्यास न्यायाधिकरण देऊं शकतें, असें २००२ सालीं ठरलेलें आहे. तेव्हां अर्जांत आंकडा कमी पडला म्हणून धीर सोडूं नये. मात्र मृताचाहि कांहीं निष्काळजीपणा सिद्ध झाला, तर तेवढ्या प्रमाणांत रक्कम कमी होते. ज्यांना चूक कोणाची हें सिद्ध करतां येण्याजोगें नाहीं, त्यांच्यासाठीं १६४ व्या कलमान्वयें मृत्यूबद्दल पांच लाखांची ठराविक भरपाई मागण्याचा मार्ग आहे.

आणि रक्कम हातीं आल्यावर? मोठा पैसा एकदम आला कीं दूरचे नातेवाईक जवळचे होतात. अज्ञान मुलांचा वाटा तीं सज्ञान होईपर्यंत बँकेच्या मुदतठेवींत ठेवावा आणि जे फसविले जाण्याचा संभव आहे त्यांच्या रकमेलाहि तसेंच संरक्षण द्यावें, असें केरळच्या त्या खटल्याच्या निकालांतच सांगून ठेवलेलें आहे. ही अट जाचक नव्हे. गुणकाचें सारें गणितच मुळीं असें गृहीत धरतें कीं, ही रक्कम ठेवींत राहील आणि वर्षावर्षाला थोडी थोडी काढली जाईल. पहिल्या दोन वर्षांतच ती संपली, तर कोष्टक कितीहि अचूक असलें तरी मुलांची फी तेराव्या वर्षीं कोण भरणार?

शेवटीं एक गोष्ट सांगितली पाहिजे. ज्या खटल्यानें हें कोष्टक देशाला दिलें, त्यांतला अपघात १९८८ सालचा आणि अखेरचा निकाल २००९ चा. म्हणजे सातवींतल्या मुलालाहि सुटेल अशा त्या गणिताचें उत्तर कुटुंबाच्या हातीं पडावयाला जवळजवळ एकवीस वर्षें लागलीं. बाप गेला तेव्हां जीं मुलें अज्ञान होतीं, तीं तोंवर मोठीं झालीं होतीं. आतां सूत्र ठरलें आहे, कोष्टक ठरलें आहे, टक्के ठरले आहेत. उरला आहे तो फक्त वेळ, आणि जिचें चुलीवरचें आधण उतरलें आहे अशा बाईच्या दृष्टीनें तीच सर्वांत महाग वस्तु आहे. घरच्यांनीं कागदपत्रें जागच्या जागीं ठेवावीं, मिळकतीची नोंद करावी, विम्याची मुदत चुकूं देऊं नये. आणि विमा कंपन्या व न्यायाधिकरणें यांनीं ठरलेलें गणित ठरल्या वेळीं सोडवावें. एवढें झालें तरच ‘न्याय्य’ या शब्दाचा अर्थ त्या घरापर्यंत पोंचेल.